भामा धवलारणीचं उत्पन्न

गव्हाणचे बळीराम मोकल आमच्या ऑफिसात पहिल्यांदा आले ते साड्यांचं गाठोडं घेऊन. मी तेव्हा पनवेलला ॲडव्होकेट आशालता कडू यांच्याकडे ज्युनियर होते. ताईंकडे येणारे बहुतेक पक्षकार अपघाताच्या दाव्यांचे. ते मृत्यूचा दाखला आणतात, पंचनामा आणतात, पगाराची स्लिप आणतात. या गृहस्थांनी टेबलावर बावीस नववारी साड्या रचल्या, वरच्या साडीची घडी हाताने नीट केली आणि म्हणाले, "ही माजे बायकोची कमाई."

ताईंनी साड्यांकडे पाहिलं. मग त्यांच्याकडे. "काका, साडीवर पावती नसते."

"लग्नातली साडी. तिला कं पावती?"

त्यांची बायको भामाबाई धवलारीण होती. आगरी लग्नात मांडवाचा खांब रोवण्यापासून नवरी निघेपर्यंत एकेका विधीचं गाणं असतं, त्याला धवला म्हणतात, आणि तो म्हणणारी बाई ती धवलारीण. भटजी उशिरा आला तर माणसं चहा पीत बसतात. धवलारीण उशिरा आली तर नवऱ्याचा मामा गाडी घेऊन तिला शोधायला निघतो, कारण ती आल्याशिवाय हळद लागत नाही. माघातल्या एका सकाळी असाच एक मामा भामाबाईंना स्कूटरवर मागे बसवून घेऊन चालला होता. उरण रोडवर एक रिकामा ट्रेलर न बघता रिव्हर्स आला. मामाला खरचटलं. भामाबाई जागच्या जागी गेल्या. वय वर्षं सत्तेचाळीस.

लग्न त्याच दुपारी लागलं. मुहूर्त कोणासाठी थांबत नाही. कोणीतरी मोबाइलवर धवले लावले. ऐन हळदीत मधेच सिमेंटची जाहिरात लागली, तेव्हा म्हणे मांडवातल्या बायका पहिल्यांदा रडल्या.

बळीरामकाका आधी मिठागरात कामाला होते. मिठागरं गेल्यावर उलव्यातल्या एका सोसायटीत वॉचमन झाले. उंच, बारीक, बोलायला संकोची माणूस. अठ्ठावीस वर्षांच्या संसारात बायको ज्या लग्नात गायली अशा एकाही लग्नाला ते गेले नव्हते. ताईंनी विचारलं तेव्हा त्यांनी खाली बघून सांगितलं, "मना लाज वाटं. चारचौघांत येवढा आवाज. मी घरी भात खाऊन झोपं."

दाव्यात ट्रेलरवाल्याची चूक सिद्ध करणं अवघड नव्हतं. घोडं अडलं ते उत्पन्नावर. माणूस गेल्यावर भरपाई ठरते ती तो काय कमवत होता यावरून, आणि विमा कंपनीचं म्हणणं असं की मृत महिला साधी गृहिणी होती, लग्नात गाणं ही समाजातली आपुलकीची रीत आहे, तिला धंदा म्हणता येणार नाही. कंपनीचे वकील होते स्वानंद लिमये. माणूस सभ्य, कधी आवाज चढवणार नाही. पण सभ्यपणानेच त्यांनी पावत्या मागितल्या.

आम्ही लग्नपत्रिका मिळवल्या. एकेका पत्रिकेवर साठ-साठ नावं. कार्यवाहक, निमंत्रक, आजोळ, चुलते, मित्रमंडळ, 'आमच्या आत्याच्या लग्नाला यायचं हं' म्हणणारी तान्ही मुलं. एका पत्रिकेवर बैलांच्या जोडीचंही नाव होतं. धवलारणीचं नाव एकाही पत्रिकेवर नव्हतं.

"मग व्हिडिओ," ताई म्हणाल्या. "लग्नाचं शूटिंग तर प्रत्येकानं केलेलं असणार. त्यात बाई गाताना दिसलीच पाहिजे."

दुसऱ्या दिवसापासून बळीरामकाका दारोदार लोकांच्या लग्नाचे व्हिडिओ मागत फिरू लागले. आधी गव्हाणमध्ये, मग द्रोणागिरीच्या बाजूच्या गावांत, मग पार पळस्प्यापर्यंत. सकाळची ड्यूटी संपली की सायकल काढायची. दारात उभं राहून म्हणायचं, "तुमचे पोरीचा लगीन बघाचा हाय."

लोकांना आधी काही कळेना. एका घरी त्यांना सोफ्यावर बसवून चार तासांचा अख्खा व्हिडिओ दाखवला. मधे दोनदा पोहे झाले. नवरीचा बाप प्रत्येक पाहुण्याची ओळख करून देत होता. दुसऱ्या घरी मुलीची फारकत झालेली. आईने कपाटातून सीडी काढून त्यांच्या हातात कोंबली आणि सांगितलं, "न्या, आन परत आनू नका." तिसऱ्या घरी नवरदेवाची दुसरी बायको दारात आली आणि पहिल्या लग्नाचा व्हिडिओ या घरात होता हे तिला त्याच वेळी कळलं. त्या प्रकरणाचं पुढे काय झालं ते आम्ही विचारलं नाही. पण काका आठवडाभर त्या आळीतून गेले नाहीत.

सहा आठवड्यांत एकतीस लग्नं जमली. ऑफिसात लॅपटॉपवर काका आणि मी ती बघू लागलो. आणि लक्षात आलं की भामाबाई कुठेही नाहीत.

म्हणजे होत्या. पण कॅमेरा नवरीवर. नवरीच्या हातावर, हिरव्या चुड्यावर, डोळ्यातल्या पाण्यावर. हळद लावणाऱ्या बायकांच्या घोळक्यात उजव्या कडेला एक कोपर यायचं आणि जायचं. काका पडद्याला बोट लावून म्हणायचे, "ह्या बघ बाय. हीच." कोपरावर तांबूस डाग होता. भाकऱ्या भाजताना तवा लागला होता म्हणे, लग्नानंतरच्या पहिल्या वर्षी. एकतीस लग्नांपैकी चौदांत ते कोपर सापडलं. आवाज मात्र एकातही नाही. सगळ्यांवर सिनेमाची गाणी चढवलेली.

यांतली निम्मी लग्नं टपाल नाक्याजवळच्या शाहीद मुकरी यांनी शूट केली होती. आम्ही त्यांच्याकडे गेलो. शाहीदभाईंनी काकांना खुर्ची दिली, चहा मागवला, आणि मग कपाळाला हात लावला.

"काका, कसम से, वीस वर्षं मी भामाबाईंच्या मागेपुढे कॅमेरा घेऊन फिरलो. पण पार्टी पैसे देते दुल्हनचे. ओरिजनल आवाज कोण ठेवतं? त्यात बेंजो असतो, जनरेटर असतो, लहान मुलं रडतात."

"मंग तो आवाज गेला कं?"

 शाहीदभाई माळ्यावर चढले आणि धुळीने भरलेला एक खोका खाली आणला. त्यात जुन्या हार्ड डिस्क होत्या. एडिट न केलेलं, कापलेलं, टाकून द्यायचं राहून गेलेलं शूटिंग. आठ दिवसांनी त्यांचा फोन आला : नऊ लग्नांचा मूळ आवाज सापडलाय.

मी काकांबरोबर गेले होते. शाहीदभाईंनी पहिली फाइल लावली. आधी खरखर, जनरेटर, कुणाचं तरी "ए, पाटा कं ठेवला?" आणि मग एक आवाज उठला. जाड, मोकळा, घाई नसलेला. त्यात गणपतीला बोलावणं होतं, गावदेवीला होतं, मेलेल्या वाडवडिलांना होतं, खांब तोडणाऱ्या कुऱ्हाडीला होतं. प्रत्येकाला नाव घेऊन मांडवाला या म्हणून सांगणं.

काका उठले आणि दुकानाबाहेर गेले. समोरच्या गाडीवर त्यांनी उसाच्या रसाचे दोन ग्लास एकापाठोपाठ एक प्यायले. परत येऊन बसले.

"परत लावा."

तिसऱ्या फाइलमध्ये आम्हाला हवं होतं ते मिळालं. हळद संपल्यावर कॅमेरा चालूच राहिला होता आणि भामाबाई नवरीच्या बापाशी भांडत होत्या. "दोन दिसांचे चार हजार ठरले होते. आन साडी. आन पाच शेर तांदूळ. तीन हजारांत हळद लागंल, उतरनार नाय!" मग कॅमेऱ्याकडे वळून, "ए शाहीद, काय बघतंस? बाजूला हो, नवरीवर सावली परते तुजी."

ताईंनी ते ऐकलं आणि टेबलावर थाप मारली. मेलेल्या बाईने स्वतःचा दर स्वतःच्या तोंडाने सांगितला होता, साक्षीदाराला नावाने हाक मारून.

आवाज पुरावा म्हणून द्यायचा तर त्याचा शब्दशः लेखी उतारा लागतो. तो करायचं माझ्याकडे आलं. मला धवल्यांतले निम्मे शब्द कळेनात, म्हणून काका रोज संध्याकाळी चार वाजता यायचे, हेडफोन लावायचे, आणि एकेक ओळ मला सांगायचे. गाऊन नाही, सपाट आवाजात, हजेरी घेतल्यासारखी. जिथे बेंजोत शब्द बुडाला तिथे मी कंसात 'अस्पष्ट' असं टाइप करायचे. दीड महिना हे चाललं. एकशे चाळीस पानं झाली.

त्यातच सदतिसाव्या पानावर एक वाक्य आलं. दोन गाण्यांच्या मधे कुणीतरी बाई विचारते, "भामे, नवऱ्याला नाय आनलास?" आणि भामाबाई म्हणतात, "तो घरी भात खाऊन झोपला असंल." त्यावर बायकांचा मोठा हशा.

काकांनी हेडफोन काढला. "ह्या पन लिवाचा?"

"सगळं लिहावं लागतं, काका."

"लिव मंग."

न्यायाधिकरणापुढे काकांची उलटतपासणी झाली तो दिवस मी विसरणार नाही. लिमये वकिलांनी लॅपटॉपवर एक चित्र थांबवलं.

"हे कोण आहे?"

"माजी बायको."

"हे कोपर आहे."

"तिचाच हाय."

"तुम्ही बायकोला कोपरावरून ओळखता?"

काका म्हणाले, "सायेब, अठ्ठावीस वर्सं मी तिला पाठमोरीच बगितली. तोंड चुलीकडं असायचा."

कोर्टात हसू फुटलं, पण काका गंभीर होते. लिमये वकिलांनी मग सदतिसावं पान काढलं आणि भात खाऊन झोपल्याचं वाक्य मोठ्याने वाचलं. नवऱ्याचं बायकोच्या कामाकडे लक्षही नव्हतं, तो आपला घरी जेवून झोपत होता, तेव्हा तो तिच्यावर अवलंबून होता असं कसं म्हणायचं, असा त्यांचा मुद्दा. आशालताताई उठल्या. "साहेब, भात कोणी शिजवला होता?" एवढंच विचारून त्या खाली बसल्या.

निकाल आमच्या बाजूने लागला. धवलारीण हा कमाईचा व्यवसाय मानला गेला. काका साड्यांचं गाठोडं घरी घेऊन गेले. दोन महिन्यांनी कंपनीने हायकोर्टात अपील केलं.

अपिलाचे कागद आले तेव्हा ताईंनी ते दोनदा वाचले आणि मग मला वाचायला दिले. हायकोर्टासाठी सगळ्या पुराव्याचं इंग्रजी भाषांतर झालं होतं, आणि भाषांतर करणाऱ्याला धवलारीण हा शब्द माहीत नव्हता. त्याने ते बाईचं नाव समजून तसंच ठेवलं. 'बळीरामची पत्नी भामा धवलारीण' याचं 'बळीरामची पत्नी भामा, आणि धवलारीण' असं झालं. त्यामुळे अपिलाचा तिसरा मुद्दा असा होता की अर्जदाराच्या घरात धवलारीण नावाची आणखी एक मिळवती स्त्री आहे, हे त्याने लपवलं आणि तिला पक्षकार केलं नाही. पाचवा मुद्दा, धवल्यांत ज्यांना लग्नाला बोलावल्याचा उल्लेख आहे त्यांपैकी एकाचीही साक्ष घेतलेली नाही. त्या यादीत गावदेवी होती, दर्या होता आणि कुऱ्हाड होती.

मी हे काकांना समजावून सांगितलं. 

"मंजे मना दोन बायका?"

"कागदावर."

"आन दुसरी जिती हाय?"

"कंपनीच्या म्हणण्याप्रमाणे, हो."

"कंपनीला सापरली तर सांगा," काका म्हणाले आणि ड्यूटीवर गेले.

हे मुद्दे नंतर लिमये वकिलांनी स्वतःच मागे घेतले. त्यांना खरोखर लाजल्यासारखं झालं होतं. पण सातवा मुद्दा त्यांनी सोडला नाही, आणि तो मुद्दा शुक्राचा होता.

अपघातानंतरच्या वर्षी वैशाख-ज्येष्ठात शुक्राचा अस्त होता. शुक्र अस्ताला गेला की लग्नांचे मुहूर्त नसतात. म्हणजे भामाबाई जिवंत असत्या तरी त्या दोन महिन्यांत त्यांना काम मिळालं नसतं. शिवाय दर तीनेक वर्षांनी एक अधिक मास येणार होता. कंपनीने पुढच्या तेरा वर्षांच्या, म्हणजे भरपाई जितक्या वर्षांची धरतात तितक्या वर्षांच्या, मुहूर्तांचा तक्ता जोडला होता, त्यावर एका ज्योतिषाची सही, आणि त्या हिशेबाने बाईचं उत्पन्न एकतृतीयांशाने कमी करा अशी विनंती होती.

आशालताताई देव न मानणाऱ्या. पण त्या महिनाभर टेबलावर पंचांग उघडून बसल्या. उत्तरात आम्ही लिहिलं की पंचांगात अडीअडचणीचे मुहूर्तही दिलेले असतात, आणि पनवेल-उरणकडची लग्नं हॉल कधी मिळतो त्यावर ठरतात. पुराव्यादाखल शाहीदभाईंची शूटिंगची डायरी जोडली. अस्ताच्या दोन महिन्यांत त्यांनी सतरा लग्नं केली होती. एका लग्नात तर नवरदेवाचा बापच ज्योतिषी होता.

सुनावणी तीन वर्षांनी लागली. ताईंच्या गाडीतून आम्ही तिघं मुंबईला गेलो. काकांनी वॉचमनचा बूट घातला होता, कारण तोच चांगला होता. लिमये वकिलांनी शुक्राबद्दल वीस मिनिटं युक्तिवाद केला. न्यायमूर्ती बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं, तक्ता उलटसुलट केला आणि विचारलं, "शुक्राचा अस्त असतो तेव्हा कंपनी ट्रेलरचा प्रीमियम कमी घेते का?"

लिमये म्हणाले, कंपनीकडून सूचना घेऊन सांगतो.

अपील फेटाळलं गेलं. उलट, भरपाई वाढवून मिळावी म्हणून ताईंनी एक हरकत घातली होती, ती थोडीफार मान्य झाली. बाई गात होती हे खालच्या कोर्टाने धरलं, पण ती घरही चालवत होती, त्या कामाचं मोल धरलंच नव्हतं. न्यायमूर्तींनी ते धरलं.

परत येताना काका मागच्या सीटवर बसले होते. वाशीचा पूल ओलांडल्यावर त्यांनी मला विचारलं, "बाय, घरकामाचा वेगला धरला म्हनालीस. त्यात भांडी आली?"

"आली असतील."

"पानी भरायचा?"

"तेही."

"मी मिठागरातून यायचो. पाय मिठाने फाटलेले. ती कोमट पानी करून ठेवायची. त्या धरला?"

मी म्हटलं, ते बहुतेक नसेल धरलं. त्यांनी मान हलवली आणि बाहेर बघू लागले. 

या खटल्याचा तालुक्यात गाजावाजा झाला तो वेगळ्याच तऱ्हेने. गावोगावच्या धवलारणी शहाण्या झाल्या. शाहीदभाई सांगत होते, आता हळद सुरू व्हायच्या आधी बाई कॅमेऱ्यासमोर येऊन उभी राहते, स्वतःचं नाव, गाव आणि दर सांगते, मग गायला बसते. मधेच कॅमेरा नवरीकडे वळला तर ओरडते, "माजा तोंड घे, उद्या टेलरखाली गेले मंजे?" नवऱ्यामुलाकडच्यांना हे अपशकुनी वाटतं, पण करतात काय.

गेल्या फाल्गुनात पळस्प्याला एक लग्न होतं. व्हिडिओ मागायला गेल्यापासून त्या घराशी काकांची ओळख झाली होती, म्हणून त्यांना बोलावणं आलं. मलाही होतं. काका मांडवाच्या टोकाला, पुरुषांच्या खुर्च्यांत, मांडवाकडे पाठ करून बसले. धवले म्हणायला गंगाबाई होती, पस्तिशीची, नवीनच. देवांना बोलावता बोलावता ती अडली. एक ओळ तिने दोनदा म्हटली, तिसऱ्यांदा तीच म्हटली, बायका कुजबुजायला लागल्या.

काका मागे न वळताच म्हणाले, "दर्याला बोलावला नाय अजून."

सगळ्या बायका वळल्या. मांडवात पुरुषाने धवला सांगायचा म्हणजे आक्रीतच. गंगाबाई जराही बिचकली नाही. "मंग सांग ना, दादा, पुढं काय ते."

काकांनी सांगितलं. सपाट आवाजात, पाठमोरे, उताऱ्यातल्यासारखं. गंगाबाई मागोमाग चालीवर म्हणत होती. तिसऱ्या ओळीत काका म्हणाले, "सोन्याचे नावंत, अस्पष्ट, ये रे मांडवाला."

आणि गंगाबाईने तेही गायलं. बाकीच्या बायकांनी झेललं. चाळीस बायका "अस्पष्ट" म्हणाल्या, चांगली लांब तान घेऊन. मी तोंडाला पदर लावून बाहेर गेले. मला हसू येत होतं की रडू, तेव्हाही सांगता आलं नसतं.

पुढच्या आठवड्यात गंगाबाई दोन बायकांना घेऊन गव्हाणला काकांच्या ओटीवर आली. शिकायला. मी कागदावर सही घ्यायला गेले होते म्हणून हे बघायला मिळालं. एकशे चाळीस पानांची झेरॉक्स काकांच्या मांडीवर होती. ते भिंतीकडे तोंड करून बसले होते. लाज अजून गेली नव्हती.

"दादा," गंगाबाईने विचारलं, "त्या दर्याच्या ओलीत जो शब्द हाय, त्याचा अर्थ काय?"

"तो शब्द नाय. बेंजोत बुडला. काय होता ते मना पन ठाव नाय."

"मंग आमी काय म्हनाचा?"

काकांनी चष्मा काढून पुसला. "तुमचे मनाचा घाला. तिनं पन कुनाकडून तरी आइकून, थोडा आपला घातला असंल."

गंगाबाईने दोनतीन शब्द लावून पाहिले. एक जमला नाही, एकाला बाकीच्या हसल्या. तिसरा बसला. काकांनी भिंतीकडे बघतच मान डोलावली, पेन घेतलं, आणि पानावरचा कंस खोडून तिथे तो शब्द लिहिला. मग आत जाऊन चौघींसाठी चहाचं आधण ठेवलं.